पिवळा शालू पडद्यावर

“आक्का, हा कागद तेवढा बघून ठेवा. अण्णासाहेब लग्नाचा सीन घेतील त्याआधी एकदा नजरेखालून घाला.”

दिनकर कपडेपटाच्या दारात उभा होता. पायांत वहाणा, खांद्यावर पिशवी. साताऱ्याची मोटार सुटायला अर्धा तास होता आणि हा इथे पत्रं वाटत होता. मी नायकाच्या कोटावर इस्त्री फिरवत होते. कोळसे विझत आले होते, म्हणून माझं डोकं आधीच तापलेलं.

“काय आहे त्यात?”

“रंगांचं आहे. मुंबईहून नवी फिल्म आली ना, तिच्यावर रंग वेगळे उठतात. त्यात पुन्हा विजेचे दिवे. कुठला रंग कसा दिसेल, सगळं लिहिलंय.”

“मला रंग शिकवतोस? सात वर्षं झाली मला या कंपनीत. मी आले तेव्हा तू शाळेत शेंबूड पुसत होतास.”

“म्हणून तर तुमच्याच हातात देतोय,” तो हसून म्हणाला. “मी दोन दिवस नाही. कॅमेऱ्याचं हँडल अण्णासाहेब स्वतः फिरवणार. त्यांना यातलं काही कळत नाही, हे तुमच्या-माझ्यात.”

“जा आता. मोटार चुकली तर तुझ्या आईसाहेबांना काय खांद्यावरून आणणार आहेस?”

तो गेला. मी घडी उलगडली, कागदाकडे बघितलं, वरून खाली आणि खालून वर. मग इस्त्रीचं झाकण उघडलं, कागद आत सारला आणि फुंकर मारली. कोळसे छान फुलले. कोटाच्या बाह्या मी एका दमात कडक करून काढल्या.

ही गोष्ट कोल्हापूरची, तीस-एकतीस सालची. सिनेमाला अजून तोंड फुटलं नव्हतं. मुंबईकडे बोलपट निघणार अशी कुणकुण होती, पण आमचे अण्णासाहेब म्हणायचे, चित्रं बोलायला लागली तर बायको आणि सिनेमा यांत फरक काय राहिला? त्यांची मयूरध्वज फिल्म कंपनी म्हणजे एक मोठं आवार, वर कापडाचं छत, मागे चार खोल्या. त्यातली सर्वांत मोठी खोली माझी. नवरा गेला तेव्हा तुळसा चार वर्षांची होती. एक शिलाईचं मशीन आणि ही जीभ, एवढंच माझ्यापाशी होतं. दोन्हींवर मी कपडेपट उभा केला. मालकसुद्धा माझ्या खोलीत येताना बाहेर खाकरायचे.

जुन्या फिल्मचे रंग मला तळहातासारखे पाठ होते. तांबडं तिच्यावर काळंभोर उठायचं, आभाळी पांढरं पडायचं, पिवळं सावळं आणि भरदार यायचं. मी येण्याआधी कुणी शहाण्याने कृष्णाला निळा रंग फासला होता, तर पडद्यावर कृष्ण भुतासारखा पांढराफटक दिसला आणि गोपी त्याच्याभोवती हसत नाचतायत! मी आल्यापासून असलं काही घडलं नव्हतं. त्याचा मला ताठा होता, आणि का नसावा?

त्या वर्षी अण्णासाहेबांनी देव-दानव बाजूला ठेवून हसण्याचं चित्र काढायला घेतलं. ‘रेशमी फजिती’. गिरगावातलं एक फॅशनेबल कपड्यांचं दुकान, तिथे शिवणारी एक गरीब पोर. बड्या घरच्या बायकांना नवी फॅशन दाखवायची म्हणून दुकानदार हिलाच ते कपडे घालून उभी करतो. एक श्रीमंत पोरगा आपल्या वाग्दत्त वधूसाठी पोलकं शिवायला टाकायला येतो आणि हिला बघून बावचळतो. मग हिला पुन्हा बघायला मिळावं म्हणून पोलक्यांवर पोलकी शिवायला टाकत सुटतो. तीस पोलकी होतात, तरी याचं तोंड उघडत नाही. शेवटी लग्न.

ती शिवणारी पोर म्हणजे माझी तुळसा. पडद्यावरच्या पाटीवर तिचं नाव ‘मिस मंजिरी’ असं यायचं. नाकीडोळी नीटस होतीच, पण तिचं खरं देणं म्हणजे तिचे हात. ती पडद्यावर सुईत दोरा ओवायची तेव्हा पुढच्या स्वस्त पिटातली माणसंसुद्धा श्वास धरायची. सिनेमात गेली म्हणून जातीतल्यांनी आमच्याकडे पान-सुपारी बंद केली होती. मला कुणाच्या पान-सुपारीची भूक नव्हती, पण पोर एकोणीस वर्षांची झाली होती आणि दारात एक स्थळ उभं राहत नव्हतं.

आणि दिनकर उभा राहिला. दिनकर खटावकर, आमच्यातलाच, साताऱ्याच्या शिंप्याचा मुलगा, मुंबईत कॅमेरा शिकलेला. त्याने मला सरळ विचारलं. चढायचा घाट एकच होता, त्याची आई. तिचं म्हणणं, तोंडाला रंग फासून परक्या पुरुषापुढे हसते ती माझी सून नाही. तेव्हा हा म्हणाला, एकदा येऊन चित्र बघ, मग नाही म्हण. चित्राचा पहिला खेळ रविवारी दुपारी होता, पुण्याहून येणाऱ्या निवडक पाहुण्यांसाठी; पिटात मात्र गावातली माणसं फुकट सोडणार होते. त्यासाठीच तो आईला आणायला गेला होता.

“आई, त्या नाही म्हणाल्या तर?” तुळसाने रात्रीच्या भाकरी थापताना विचारलं.

“तुझ्यात नाही म्हणण्यासारखं काय आहे?”

“ते म्हणतात, आई हो म्हणाली की मार्गशीर्षात.”

“लग्नाआधीच ‘ते’ झाले का? भाकरी करपतेय बघ.”

ती हसली. माझ्या पोरीला मी तसं हसताना फार कमी वेळा बघितलंय.

शुक्रवारी लग्नाचा सीन होता. पाच मोठे दिवे लावलेले, बोहल्याला खऱ्या झेंडूच्या माळा. मी तुळसाला हळदीपिवळा शालू नेसवला, तांबड्या काठांचा. रंगभूषेच्या रंगूने कपाळाला ठसठशीत कुंकू लावलं. खऱ्या नवरीसारखी दिसत होती.

अण्णासाहेब हँडलपाशी उभे होते. “आक्का, शालू हाच का? दिनकरचं काही म्हणणं?”

“दिनकर साताऱ्याला आहे. कपडेपट माझा आहे.”

“बरं बाई,” ते म्हणाले आणि हँडल फिरवायला लागले.

फिल्म शनिवारी धुतली, रविवारी सकाळपर्यंत वाळत होती. दिनकर दहाला आईला घेऊन उतरला तेव्हा शेवटचं रीळ नुकतं जोडून, पडद्यावर न बघताच, थिएटरात गेलं होतं. त्याने मला लांबूनच विचारलं, “झालं ना सगळं नीट?” मी मान हलवली.

खेळाला मी त्याच्या आईच्या शेजारीच बसले, बायकांच्या बाजूला. सगुणाबाई नाव. सडपातळ बाई, नऊवारीचा काष्टा असा की त्याला नाव ठेवायला जागा नाही. मीही ठेवली नाही.

“तुम्ही शिवता म्हणे,” त्या म्हणाल्या.

“तुमच्याकडेही शिवतात म्हणे,” मी म्हणाले.

पेटीवाल्याने सूर धरला, दिवे मालवले. पडद्यासमोरच्या स्टुलावर पाट्या वाचून दाखवणारा गोडबोले मास्तर उभा राहिला. पहिल्या दोन रिळांत सगुणाबाई पदर तोंडाला लावून ताठ बसल्या होत्या. तिसऱ्यात नायक बारावं पोलकं टाकायला आला आणि मापं विचारल्यावर स्वतःचीच छाती मोजून देऊ लागला, तेव्हा त्यांच्या पदराआडून खुदकन आवाज आला.

“मेलं येडं आहे,” त्या म्हणाल्या.

“पुढे बघा, अजून येडं होतंय.”

मग तुळसा काज करायला बसते तो भाग आला. हात जवळून दाखवले होते. सगुणाबाई पुढे वाकल्या. “खरंच काज करतेय की हो. हा टाका खोटा नाही.”

“माझ्या घरी खोटा टाका घातला तर उसवायला लावते मी.”

त्या माझ्याकडे वळल्या. अंधारात चेहरा दिसला नाही, पण आवाज मऊ झाला होता. “मान खाली घालून बसते पोर. दिनूने सांगितलं होतं, माझा विश्वास नव्हता. मार्गशीर्षात दोन मुहूर्त बरे आहेत म्हणे.”

मी पडद्याकडे तोंड फिरवलं. बोलले असते तर रडले असते, आणि ते मी विहिणीसमोर करणार नव्हते.

शेवटचं रीळ लागलं. मास्तरांनी पाटी वाचली, “‘एकतिसावं पोलकं मात्र नवरीचं निघालं!’” टाळ्या पडल्या. पेटीवाल्याने मंगलाष्टकांची चाल धरली. पाट्यांचा अंतरपाट दूर झाला.

बोहल्यावर विधवा उभी होती.

शालू पांढरा होता. काठसुद्धा असे फिक्कट, की नसल्यासारखे. कपाळावर काही नव्हतं, पुसून टाकल्यासारखं साफ. आणि ती हसत होती, हातात हार धरून, मान तिरकी करून. वीस वर्षांची असताना मला न्हाऊ घालून, पांढरं नेसवून कोपऱ्यात बसवलं होतं, तेव्हा मोरीतल्या आरशात मी जो चेहरा बघितला होता तो माझ्या पोरीच्या खांद्यांवर होता.

पेटी मध्येच थांबली. पिटातून एकजण ओरडला, “अरे, हिचा दादला मेला कधी?” दुसरा म्हणाला, “तीस पोलकी शिवताना मेला असेल!” मग शिट्ट्या आणि पाय आपटणं. मागे कुणी बाई “शिव शिव” म्हणाली. पडद्यावर नायकाने त्या पांढऱ्या पोरीच्या गळ्यात हार घातला आणि ती आणखी हसली.

सगुणाबाई उठल्या. माझ्याकडे न बघता म्हणाल्या, “माझ्या मुलाची नवरी मी अशी बघितली. आता डोळे मिटले तरी हेच दिसणार.” आणि माणसांच्या पायांवरून वाट काढत गेल्या.

बाहेर थिएटरच्या मागच्या अंगणात अण्णासाहेबांच्या कपाळाची शीर उडत होती. पुण्याचे पाहुणे टांग्यात बसूनसुद्धा गेले होते. दिनकर भिंतीला टेकून उभा होता, चेहरा मातीसारखा.

“फिल्म तुझी, दिवे तुझे, सांगून गेला नाहीस एका शब्दाने?” अण्णासाहेब त्याच्यावर ओरडले.

“सांगितलं होतं,” दिनकर म्हणाला. “कागद लिहून दिला होता. पिवळं वापरू नका, फिकं पडेल. कुंकू काजळात कालवून लावा, नाहीतर कपाळावर उठणार नाही. सगळं लिहिलं होतं.”

“कुणाला दिलास?”

तो घुटमळला. “आक्कांना.”

सगळे माझ्याकडे बघायला लागले. अण्णासाहेब, मास्तर, पेटीवाला, नायकाचं काम करणारा तो दीडशहाणा. आणि तुळसा. तिने घरचं साधं लुगडं नेसलं होतं, कपाळावरचं कुंकू घामाने ओघळलं होतं.

“आक्का, कागद दिला होता याने?”

“कसला कागद?” मी म्हणाले.

“आक्का, दारात उभा राहून...” दिनकर म्हणाला.

“जाताना आलास, आईला आणायला चाललोय म्हणालास, गेलास. कागदबिगद मला कुणी दिलेला नाही. सात वर्षांत माझ्या कपडेपटातून एक टाचणी हरवली नाही, कागद हरवेल?”

ते खरंच होतं, टाचणीचं. म्हणून सगळ्यांना पटलं.

“विधवा बाईवर ढकलतोस?” अण्णासाहेब म्हणाले. “उद्यापासून आवारात पाय ठेवायचा नाही.”

तुळसा त्याच्याकडे बघत राहिली.

सोमवारी सकाळी तो आमच्या घरी आला. मी मेथी निवडत होते. तुळसा मागे विहिरीवर होती. तो उंबऱ्यात बसला, आत आला नाही.

“आईचं मी बघतो,” तो म्हणाला. “चार महिने रुसेल. मुंबईला मला काम मिळेल. मी तुळसाला विचारायला आलोय.”

“विचार मग. ती काय माझ्या पदरात बांधलीय?”

त्याने एकदा विहिरीकडे बघितलं. मग आवाज अगदी खाली आणून म्हणाला, “आक्का, मी मोडीत लिहिलं होतं. सवयीने. काल रात्रभर तेच आठवत होतो. तुम्हाला मोडी येत नाही, हो ना?”

माझ्या हातातली काडी मोडली.

मोडी कुठली, मला छापील बालबोध अक्षरसुद्धा धड येत नव्हतं. दुसरीतून मला काढून मशीनवर बसवलं होतं. दुकानाची पाटी मी अक्षराला अक्षर लावून वाचायचे, ते पण कुणी बघत नसताना. घरात पत्र आलं की चष्मा सापडत नाही म्हणायचं आणि तुळसापुढे टाकायचं. त्याच्या त्या कागदावरची अक्षरं एकमेकांचे हात धरून फुगडी घालत होती, मला एकही ओळखू आली नव्हती. एका हाकेवर तुळसा होती. पण माझ्या कामाचा कागद पोरीकडून वाचून घ्यायचा, तोही होणाऱ्या जावयाने मला शिकवायला लिहिलेला?

“चूक माझी आहे,” तो म्हणाला. “तोंडी सांगायला हवं होतं. तुम्ही एकदा तुळसाला सांगा, कागद मिळाला होता म्हणून. बाकी कुणाला सांगू नका. अण्णासाहेबांनी काढलं ते काढलं, त्याचं मला काही नाही. फक्त तिला.”

“मला सगळं येतं,” मी म्हणाले. “तू मला अडाणी म्हणायला आलास का?”

त्याने मान खाली घातली. तेवढ्यात तुळसा घागर घेऊन आली. घागर तिने खाली ठेवली नाही, कडेवर तशीच.

“एकच विचारते,” ती त्याला म्हणाली. “माझ्या आईसमोर सांगा. तुम्ही तिला कागद दिला होता?”

त्याने माझ्याकडे बघितलं. खूप वेळ बघितलं. मी काड्या एका बाजूला, पानं एका बाजूला करत होते. एक शब्द लागत होता. हो. नुसतं ‘हो, दिला होता’ म्हटलं असतं तरी चाललं असतं, पुढचं त्याने सांभाळून घेतलं असतं. जीभ माझ्या तोंडात दगडासारखी पडून होती, जी कधी कुणापुढे अडली नव्हती ती.

“नाही,” तो म्हणाला. “द्यायचा राहिला. काल घाबरून बोललो.”

तुळसाने घागर खाली ठेवली. पाणी हिंदकळून जमिनीवर सांडलं.

“तुमच्या आईने मला नको म्हटलं असतं तर मी वाट बघितली असती,” ती म्हणाली. “दोन वर्षं, चार वर्षं. पण तुम्ही चारचौघांत माझ्या आईला खोटं पाडलंत, आपली नोकरी राखायला. तिने काय करून मला वाढवलंय ते तुम्हाला मी सांगितलं होतं.”

“हो,” तो म्हणाला.

“मग जा.”

तो उठला. वहाणा घालताना त्याने मला वाकून नमस्कार केला. मी आशीर्वाद दिला नाही, हात भाजीत होते.

दिनकरने पुढे साताऱ्यात फोटोचं दुकान काढलं, लग्न केलं. अठ्ठेचाळीस साली गेला असं कळलं. तुळसाने केलं नाही. तीन-चार स्थळं पुढे आली, ती म्हणायची, आईला सोडून जायचं नाही. बोलपट आल्यावर नवीन गाणाऱ्या मुली आल्या आणि हिला कुणी बोलावलं नाही. ती माझ्याशेजारी मशीनवर बसली. आजही पलीकडच्या खोलीत काज करत बसलीय, साठीची. नात्यातली पोरं आली की त्यांना सांगते, आमच्या आईसारखी खरी बाई मी बघितली नाही. मी ऐकते. सांगायचं म्हणून मी किती वेळा तिच्या खाटेपाशी गेले ते मोजलं नाही. सांगून मला हलकं वाटेल, आणि तिच्याकडे आहे ते एवढंच, तेही जाईल. निदान मी स्वतःला असं सांगते.

चित्र मात्र वाया गेलं नाही. आठव्या दिवशी अण्णासाहेबांनी मुंबईहून दुसरा माणूस आणला आणि लग्नाचा सीन परत घेतला. त्या माणसाने मला तोंडी सांगितलं, गर्द हिरवा शालू घ्या आणि कुंकवात काजळ घाला. मी वाटीत कालवलं. रंगभूषा करणारी रंगू त्या दिवशी आली नव्हती आणि अण्णासाहेब बाहेरून घाई करत होते. मी दारात जाऊन एखादी सवाष्ण दिसते का बघत होते.

“कुणाला बघतेस?” तुळसा म्हणाली.

“कुंकू लावायला कुणीतरी हवं.”

“तूच लाव की आई. हे काय खरं लग्न आहे?”

मी लावलं. ती बोहल्यावर जाऊन उभी राहिली, दिवे लागले, हँडल फिरायला लागलं.

“हस,” अण्णासाहेब म्हणाले. ती हसली. “आणखी,” म्हणाले, तेव्हा आणखी हसली. पुण्यात ते चित्र अकरा आठवडे चाललं, आणि नवरी शेवटी किती आनंदात दिसते म्हणून लोकांनी अण्णासाहेबांना पत्रं लिहिली. ती त्यांनी आम्हाला वाचून दाखवली. तुळसाने सगळी ऐकून घेतली आणि विचारलं, “झालं? मला दोन परकर शिवायचे आहेत.”